जुना डायनासोर गेम नव्याने काढताय, तर बगीचा फोनातच राहू द्या

प्रति,
माननीय संपादक,

स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत जुने मोबाइल गेम रिमास्टर करून, म्हणजे जुनाच गेम नव्या फोनांसाठी नव्याने बांधून, पुन्हा आणण्याविषयीचा मजकूर वाचला. डायनासोरचं उद्यान बांधायच्या जुन्या गेमांचा त्यात उल्लेख होता. आता चित्रं किती सुंदर दिसतील, डायनासोरच्या कातडीवरच्या सुरकुत्यासुद्धा कशा मोजता येतील, याचं वर्णन होतं. ते वाचताना मला गेल्या दिवाळीच्या तोंडावरची एक दुपार आठवली आणि हे पत्र लिहायला बसलो. पत्र लांबलं आहे. जागेअभावी कापावं लागलं तर चित्रांबद्दलचं कापा, बगीच्याबद्दलचं तेवढं राहू द्या.

लातुरात गंजगोलाईच्या जवळ माझं मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे. सतरा वर्षं झाली. बटणांचे फोन होते तेव्हापासून करतोय. वसुबारसेच्या आदल्या दिवशी एक मुलगा दुकानात आला. नीटच्या क्लाससाठी खोली करून राहणारी पोरं आमच्या शहरात गल्लोगल्ली आहेत, त्यांतलाच एक. गाव केज तालुक्यात, धनेगावच्या धरणाच्या अंगाला. पिशवीतून रुमालात गुंडाळलेला फोन काढून त्यानं काउंटरवर ठेवला. बॅटरी इतकी फुगली होती की मागचं झाकण बसत नव्हतं, त्यावर रबर लावलेलं. म्हणाला, "मामा, फोन चालू नाही राहिला तरी चालंल. ह्यातला बगीचा तेवढा काढून द्या."

मला वाटलं, कुणाच्या बागेतले फोटो असतील. विचारलं, "कसला बगीचा रे?"

"डायनासोरचा. मी आन् ताईनं केलेला. भाऊबीजेला ताई यायलीय, तिला दाखवायचाय."

अशी मागणी माझ्याकडे पहिल्यांदाच आली होती. लोक फोटो मागतात, नंबर मागतात, वारलेल्या माणसाचा आवाज मागतात. बगीचा कुणी मागितला नव्हता. फुगलेली बॅटरी आधी बाजूला काढली, कारण तिला टोचलं तर ती पेट घेते. मग डीसी सप्लायच्या दोन चिमट्या बोर्डाच्या बॅटरी टर्मिनलला लावून चार व्होल्ट दिले. काटा थोडा हलला, परत शून्यावर आला. चार्जिंग पिनच्या बाजूला हिरवा गंज चढला होता. ब्रशनं साफ केला, थोडी हीट मारली आणि पॉवरचं बटण दाबून धरलं. काटा अर्ध्या अँपिअरवर जाऊन थांबला आणि कंपनीचा लोगो आला. पोरगा स्टुलावरून उठून काउंटरवर वाकला.

फोन उघडेपर्यंत वेळ लागणार होता, म्हणून समोरून चहा मागवला. चहा पिता पिता त्यानं जे सांगितलं ते सांगितल्याशिवाय माझं म्हणणं आपल्या वाचकांना पटणार नाही.

२०१६ चा उन्हाळा. लातूरकरांना तो सांगावा लागत नाही. धनेगावचं मांजरा धरण कोरडं पडलं होतं आणि एप्रिलमध्ये मिरजेहून 'जलदूत' रेल्वेनं आम्हाला पाणी आलं. पहिल्या खेपेला दहा वाघिणी, पाच लाख लिटर. ती गाडी बघायला मीही गेलो होतो. त्याच दिवसांत हा पोरगा नऊ वर्षांचा, बहीण तेरा-चौदाची. वडील दोन बैल आणि एक गाय घेऊन चारा छावणीत राहायला गेले होते आणि शाळेला सुट्टी लागल्यावर ही दोघंही तिथंच. घरात एकच स्मार्टफोन, तो वडिलांच्या खिशात. रात्री छावणीवर जनरेटर लागला की फोन चार्ज व्हायचा आणि पाण्याच्या टाकीपाशी उभं राहिलं की थोडी रेंज यायची. त्या टाकीपाशी या दोघांनी डायनासोरचं उद्यान बांधलं.

गेम मलाही माहीत होता. तेव्हा माझ्या दुकानात कितीतरी फोनांत मीच तो टाकून दिलाय. एक बेट असतं, झाडी तोडून जागा मोकळी करायची. अंबर शोधायचं, म्हणजे झाडाचा चीक गोठून झालेला पिवळा खडा. त्यातून डीएनए काढला की डायनासोर जन्माला येतो. मग त्याला खाऊ घालायचं. शाकाहाऱ्याला चारा-पीक, मांसाहाऱ्याला मांस. चारा लावला की काही वेळानं तयार होतो, कापून आणायचा, जनावराला घालायचा, जनावर मोठं होतं आणि त्याला बघायला येणाऱ्यांकडून नाणी मिळतात. नाण्यांतून रस्ते, हॉटेलं, नवीन कुंपणं. एवढाच खेळ.

पोरगं सांगत होतं, "आमच्याकडं चारा नव्हता, मामा. पर त्यात लावला की उगवायचा. ताई म्हणायची, बघ, ह्याला पाणी लागतच नाही."

त्यांना इंग्रजी नावं वाचता येत नव्हती. ट्रायसेराटॉप्स हा त्यांचा 'तीनशिंग्या'. लांब मानेचा तो 'लांबमान्या'. पुढं त्यांनी नावंच बदलली. घरच्या बैलांची नावं सर्जा आणि पाखऱ्या होती, तीच दोन तीनशिंग्यांना दिली. त्या मे महिन्यात वडिलांनी पाखऱ्या विकला. फोनातला पाखऱ्या राहिला आणि ताई रोज रात्री आधी त्यालाच चारा घालायची.

एवढ्यात फोन पूर्ण चालू झाला. दुसऱ्या पानावर त्या गेमचं चिन्ह होतं. दुकानाचं वायफाय जोडून दिलं आणि मी फोन त्याच्याकडे सरकवला, कारण ते चिन्ह मी दाबणं मला बरोबर वाटलं नाही. त्यानं दाबलं. डायनासोरचं डोकं आलं, खाली पट्टी भरत गेली, पाऊण भरली आणि थांबली. मग इंग्रजीत चौकट आली की सर्व्हरशी, म्हणजे कंपनीच्या दूरच्या काँप्युटरशी, जोडणी होत नाही, पुन्हा प्रयत्न करा. त्यानं पुन्हा दाबलं. पुन्हा तीच चौकट. सात-आठ वेळा दाबलं. आता त्याला इंग्रजी चांगलं येतं, बायोलॉजीची पुस्तकं इंग्रजीतच वाचतो. तरी तो प्रत्येक वेळी ती ओळ पहिल्यापासून वाचत होता.

मला कारण ठाऊक होतं, पण सांगायला जीभ उचलेना. तो गेम कंपनीनं काही वर्षांपूर्वीच बंद केला होता. तरीही मी फोन केबलनं काँप्युटरला लावला, गेमचं फोल्डर उघडलं, एकेक फाइल बघितली. डायनासोरची चित्रं होती, डरकाळ्यांचे आवाज होते, रस्त्याच्या फरश्या होत्या. फक्त कुठल्या फरशीवर कुठला रस्ता, कुठल्या कुंपणात पाखऱ्या, ही नोंद फोनात नव्हतीच. ती दूरच्या कुठल्यातरी सर्व्हरवर होती आणि सर्व्हर बंद झाला त्या दिवशी ती गेली. विटा, वाळू, सिमेंट सगळं त्या फोनात पडून होतं, घर तेवढं नव्हतं.

संपादक महोदय, माझं म्हणणं एवढंच आहे. असा गेम नव्याने काढणाऱ्यांनी पहिली दुरुस्ती इथं करावी. खेळणाऱ्यानं बांधलेलं उद्यान त्याच्याच फोनात साठवलं जावं, नेट नसताना उघडावं आणि उद्या कंपनी राहो न राहो, ते त्याला दुसऱ्या फोनात नेता यावं.

हे अवघड आहे का? मुळीच नाही, हे मी माझ्या अनुभवानं सांगतो. २००३ साली 'जुरासिक पार्क: ऑपरेशन जेनेसिस' नावाचा काँप्युटरवरचा गेम आला होता. ऑस्ट्रेलियातल्या मेलबर्नच्या ब्लू टंग कंपनीनं केलेला. आमच्या काळी लातुरात सायबर कॅफे होते, तासाचे पंधरा रुपये घ्यायचे. कॉलेज बुडवून मी तो खेळलोय. त्यात जीवाश्म शोधायला पथकं पाठवायची. एखाद्या डायनासोरचा निम्मा डीएनए जमला की तो जन्माला घालता यायचा. मध्येच वादळ यायचं, कुंपण तुटायचं. कॅफेवाल्या भावानं मला माझ्या उद्यानाची फाइल काढून दिली होती. आधी फ्लॉपीवर घ्यायला गेलो, मावली नाही, मग सीडीवर घेतली. ब्लू टंग कंपनी २०११ मध्ये बंद झाली. तो गेम मात्र थोडी खटपट करून माझ्या दुकानातल्या काँप्युटरवर आजही चालतो आणि वीस वर्षांपूर्वीचं माझं उद्यान आजही त्यात उघडतं. माझ्या मुलानं ते बघितलंय. कुंपणं वेडीवाकडी आहेत, पण माझी आहेत. काँप्युटरवरच्या सीडीतल्या गेमला जे जमत होतं ते नंतर आलेल्या मोबाइलच्या गेमला जमू नये, यामागं तंत्राची अडचण नाही. दिवसातून चार वेळा गेम उघडायला लावायचा, चारा लवकर उगवावा म्हणून पैसे भरायला लावायचे, हा धंदा सर्व्हरशिवाय होत नाही, म्हणून सगळं सर्व्हरवर.

पैशाचं निघालंच आहे तर सांगतो. माझ्या पुतणीनं एका अशाच बांधकामाच्या गेममध्ये हिऱ्यांच्या पाकिटासाठी भावाच्या फोनवरून ७९९ रुपये भरले. भाऊ तिला ओरडला, मी भावाला ओरडलो. सहावीतल्या पोरीला चोवीस तास थांब नाहीतर पैसे टाक असं सांगितलं तर ती काय करणार? रिमास्टरमध्ये ही घड्याळं काढून टाकावीत. एकदाच काय ते दोनशे-तीनशे रुपये घ्या आणि पूर्ण गेम द्या. आमच्याकडची माणसं शंभर वेळा विचार करून का होईना, पण एकदा देतील. रोज चिमटे काढलेले कुणालाच आवडत नाहीत.

रिमास्टर या शब्दाबद्दल गिऱ्हाइकांच्या मनात गोंधळ असतो, म्हणून माझ्या धंद्यातल्या भाषेत सांगतो. एखादा फोन माझ्याकडे येतो, काच फुटलेली असते आणि आतला बोर्डही गेलेला असतो. गिऱ्हाईक म्हणतं, डिस्प्ले बदला. मी नवा डिस्प्ले बसवू शकतो, फोन नव्यासारखा दिसेल, पण चालणार नाही. बोर्डाचं काम आधी करावं लागतं, ते बाहेरून दिसत नाही. जुन्या गेमांचंही तसंच आहे. ॲपलनं २०१७ मध्ये आयफोनसाठी आयओएस ११ आणलं तेव्हा ३२ बिटचे, म्हणजे जुन्या धाटणीच्या प्रोसेसरसाठी लिहिलेले, ॲप चालेनासे झाले. गुगलनं प्ले स्टोअरवर ऑगस्ट २०१९ पासून ६४ बिटची सक्ती केली. आता अँड्रॉइड १४ आणि त्यापुढच्या फोनांत फार जुन्या आवृत्तीसाठी बनवलेलं ॲप सरळ बसतच नाही, फोनच नकार देतो. म्हणून जुन्या गेमला आतून नव्यानं बांधावं लागतं. मग हात आत घातलाच आहे तर साठवणुकीचं कामही त्याच वेळी करून घ्या. नुसती चित्रं उजळ करून तोच सर्व्हरचा दोर ठेवला, तर तो डिस्प्ले बदललेला मेलेला फोन आहे.

गेमच्या आकाराबद्दलही बोलायला हवं. पुण्या-मुंबईच्या फोनांसाठी तीन-चार जीबीचा गेम काढला तर आमच्याकडची पोरं तो उतरवूच शकणार नाहीत. माझ्या काउंटरवर दिवसभरात जे फोन येतात त्यांतले निम्मे 'जागा संपली' म्हणून हँग झालेले असतात. ३२ जीबीचा फोन, त्यात आईचे भजनाचे व्हिडिओ, वडिलांचे बाजारभावाचे ग्रुप, सकाळचे गुलाबाचे फोटो. त्या फोनात गेमला मिळते ती उरलेली कोपऱ्यातली जागा. जुना गेम त्या कोपऱ्यात मावायचा म्हणून तर तो छावणीपर्यंत पोचला. भारी चित्रं ज्याला हवीत त्यानं वेगळी उतरवून घ्यावीत, तशी सोय अनेक गेमांत असते.

आणखी एक भीती आहे. हल्ली आमच्या गोलाईत 'गेम' म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढं पैसे लावायचे पत्ते येतात. त्या पत्त्यांनी बुडालेल्या माणसांचे फोन मी फॉरमॅट करून दिलेत. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेनं ऑनलाइन गेमिंगचा कायदा केला, पैशांच्या गेमांवर बंदी घातली, ते फार चांगलं झालं. त्याच कायद्यात ई-स्पोर्ट्स, म्हणजे स्पर्धा म्हणून खेळायचे गेम, आणि पैसे न लावता खेळायच्या सामाजिक गेमांना प्रोत्साहन द्यायचंही म्हटलं आहे, हे मात्र लोकांपर्यंत पोचलं नाही. आईबाप आता सगळ्याच गेमांना एका माळेत ओवतात. उद्यान बांधणारं पोरगं आणि पैसे लावणारा बाप्या यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. एक चारा लावून वाट बघायला शिकतं. दुसरा घर विकतो. शिक्षकांनी, पालकांनी हा फरक करावा अशी माझी हात जोडून विनंती आहे.

गेम विकत घेतला तरी तो आपला होत नाही, ही तक्रार मी एकटाच करतोय असं नाही. उबिसॉफ्ट कंपनीचा 'द क्रू' हा गाड्यांच्या शर्यतीचा गेम २०१४ मध्ये आला आणि ३१ मार्च २०२४ ला त्याचे सर्व्हर बंद केले गेले. पैसे देऊन घेतलेला गेम लोकांच्या घरात असूनही उघडेना. त्यातून 'स्टॉप किलिंग गेम्स' ही चळवळ उभी राहिली आणि युरोपात त्या मागणीवर २०२५ च्या जुलैपर्यंत दहा लाखांहून जास्त सह्या झाल्या. मागणी साधी आहे, गेम बंद करायचा तर करा, पण जाताना तो खेळता येईल अशा अवस्थेत सोडून जा. अमेरिकेत कॅलिफोर्निया राज्यानं १ जानेवारी २०२५ पासून कायदा लागू केला आहे. ग्राहकाला फक्त वापराचा परवाना मिळणार असेल तर विक्रेत्यानं ते स्पष्ट सांगायचं, नुसतं 'खरेदी करा' म्हणून फसवायचं नाही. आपल्याकडे केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं नोव्हेंबर २०२३ मध्ये ॲप आणि वेबसाइटवरच्या फसव्या क्लृप्त्यांबद्दल मार्गदर्शक तत्त्वं काढली, त्यांत १३ प्रकार सांगितले आहेत. त्याच प्राधिकरणानं हाही विषय हाती घ्यावा. जो गेम सर्व्हरवर अवलंबून आहे, त्याच्या पहिल्याच पानावर मराठीत लिहिलेलं असावं, की कंपनीनं सेवा बंद केल्यास तुम्ही बांधलेलं सर्व नष्ट होईल. हे वाचून ताईनं निदान ठरवलं असतं, त्यात जीव लावायचा की नाही.

आता दुसरी मागणी, ती माझ्या मनाची आहे.

चहा पिताना त्या पोरानं मला विचारलं, "मामा, ते डायनासोर आपल्याकडं होते का वो?" नऊ वर्षांचा असतानाही त्यानं हेच गुरुजींना विचारलं होतं, गुरुजी म्हणाले, ते अमेरिकेत. मी त्याला सांगू शकलो, कारण तीन वर्षांपूर्वी मुलाला घेऊन हैदराबादला गेलो होतो. तिथं नौबत पहाडावर बिर्ला विज्ञान केंद्र आहे, त्यात एका दालनात कोटासॉरसचा सांगाडा उभा केलाय. मान वर करून बघावं लागतं. तो सापडला तेव्हाच्या आदिलाबाद जिल्ह्यातल्या यामनपल्लीला. १९८८ मध्ये त्याला नाव मिळालं. त्याच गोदावरी-प्राणहितेच्या खोऱ्यात बारापासॉरस सापडला, त्याची हाडं रवींद्रनाथ टागोरांच्या जन्मशताब्दीच्या सुमारास निघाली, म्हणून त्याच्या नावात टागोर आहेत. बारापा म्हणजे बंगालीत मोठा पाय. हे दोन्ही अस्सल ज्युरासिक काळातले. ज्याच्या नावानं सगळे गेम विकले जातात तो टी-रेक्स त्यांच्या कितीतरी कोटी वर्षांनंतरचा, क्रिटेशस काळातला.

मी सांगाड्याजवळ उभा राहून मुलाला म्हटलं, आपल्या मांजरेचं पाणी कुठं जातं ठाऊक आहे? बीडच्या डोंगरात उगवते, धनेगावला अडते, लातूर जिल्ह्यातून, बीदरकडून फिरून तेलंगणात कंदकुर्तीला गोदावरीला मिळते. तिथून पुढं तीच गोदावरी या हाडांच्या मुलखाला वळसा घालून जाते. आपल्या नदीच्या खालच्या अंगाला राहणारं जनावर आहे हे, पाहुणं नव्हे. मुलानं सांगाड्याच्या पायाच्या हाडाकडे बोट करून विचारलं, "म्हणजे आपल्या घराखाली पण असतील?" मी म्हटलं, असतील तर फार खोल. आपल्या पायाखाली काळा खडक आहे, ज्वालामुखीचा, साडेसहा कोटींहून जास्त वर्षांपूर्वीचा. याच खडकाची माती होऊन आपली काळी जमीन झाली. १९९३ च्या किल्लारीच्या भूकंपानंतर शास्त्रज्ञांनी तिथं खोल बोअर घेतलं होतं. सुमारे ३३८ मीटर नुसता हा लाव्हाचा खडक लागला आणि त्याखाली आठ मीटर गाळ, ज्वालामुखी फुटायच्या आधीचा. ती आठ मीटर माती माझ्या डोक्यातून जात नाही. किल्लारीनं आम्हाला जे दाखवलं ते सगळं दुःखाचंच होतं, पण त्या बोअरनं एवढं एक कळलं की लाव्हा यायच्या आधी इथंही जमीन होती, पाणी होतं, गाळ साचत होता.

डायनासोरचं उद्यान बांधायचा गेम नव्याने होणार असेल तर त्यात कोटासॉरस हवा, बारापासॉरस हवा, गुजरातेतला राजासॉरस हवा, आणि आपल्याच महाराष्ट्रातल्या चंद्रपूर जिल्ह्यात डोंगरगावला सापडलेला इसिसॉरस हवा. काळ्या खडकाचं बेट हवं. नावं देवनागरीत हवीत, म्हणजे केजच्या पोराला बायोलॉजीच्या क्लासपर्यंत थांबावं लागणार नाही. मराठीत गेम आणायला फार खर्च येतो असं मला वाटत नाही, शब्द थोडे असतात: चारा, कुंपण, रस्ता, पाणी, अंडं, थांबा, पुढे. कंपन्यांना माणूस मिळत नसेल तर आपल्या विद्यापीठांत भाषेचे विद्यार्थी आहेत, भूशास्त्राचे आहेत. पुण्या-हैदराबादेत गेम बनवणारी मराठी पोरं आहेत, त्यांच्यापैकी कुणी हे वाचत असेल तर त्यानं परदेशी कंपनीची वाट बघू नये, स्वतःच असा एक गेम करावा. छोटा करावा. एकच नदी, चार जनावरं, काळी माती. पण तो फोनात साठवला जाईल असा करावा.

एक सांगायचं राहिलं. त्या दुपारी बगीचा निघाला नाही, पण फोन हातात होता म्हणून मी गॅलरी चाळली. लग्नकार्यातल्या, म्हशींच्या, शाळेच्या दाखल्याच्या फोटोंत एक स्क्रीनशॉट निघाला, १४ जून २०१६ चा. ताईनं कधीतरी दोन बटणं एकदम दाबली असणार. बेटाचं वरून दिसणारं चित्र. मध्ये एक चौक आणि चौकातून चारी बाजूंना रस्ते फुटलेले, इतके की डायनासोरांना जागा कमी आणि रस्तेच जास्त. मी विचारलं, एवढे रस्ते कशाला केले रे? तर म्हणाला, "ही गोलाई हाय, मामा. आम्ही दिवाळीला कपडे घ्यायला आलतो नव्हं का. ताई म्हणली, आपल्या बगीच्यात गोलाई करू."

माझं दुकान ज्या गोलाईच्या कडेला आहे, मध्ये जगदंबेचं देऊळ आणि भोवती सोळा रस्ते, सोन्याचा वेगळा, गुळाचा वेगळा, मिरचीचा वेगळा, तीच त्या दोघांनी दुष्काळात, छावणीतल्या टाकीपाशी उभं राहून फोनात बांधली होती. गेममध्ये रस्ता गोल वळत नाही म्हणून त्यांची गोलाई चौकोनी झाली. जिथं देऊळ हवं तिथं त्यांनी कारंजं ठेवलं. त्याच्या शेजारच्या कुंपणात तीनशिंग्या उभा आहे, मान खाली घालून.

स्क्रीनशॉट फार लहान होता. मोठा करून, फोटो स्टुडिओतून छापून, लॅमिनेशन करून त्याला दिला. पैसे घेतले नाहीत. भाऊबीज झाल्यावर परत आला तेव्हा म्हणाला, ताईनं तो बघून आधी रस्ते मोजले. चौदा भरले. दोन रस्ते राहिलेत, म्हणाली, तेव्हा नाणी संपली होती.

त्याची परवानगी घेऊन एक प्रत मी दुकानात लावली आहे. गेम बनवणाऱ्या कुणाला बघायची असेल तर गंजगोलाईला यावं, दुकान सकाळी दहाला उघडतं, सोमवारी बंद असतं.

आपला नम्र,
एक मोबाइल दुरुस्ती दुकानदार आणि आपला रोजचा वाचक,
गंजगोलाई, लातूर